डबा उघडण्याआधी : जुन्या फिल्मविषयी वाचकांचे प्रश्न

घरात, मंडळात किंवा देवस्थानच्या कचेरीत पडून असलेल्या जुन्या फिल्म आणि व्हिडिओ फितींविषयी प्रश्न पाठवा, असे आवाहन मागच्या अंकात केले होते. आलेल्या पत्रांत सारखे प्रश्न बरेच होते, त्यांची मोट बांधून उत्तरे दिली आहेत. पावसाळा तोंडावर असल्यामुळे साठवणुकीच्या प्रश्नाला जास्त जागा दिली आहे.

आजोबांनी साठच्या दशकात काढलेल्या फिल्मची छोटी रिळे माळ्यावर पत्र्याच्या डब्यात सापडली. डबा उघडताच आंबट वास आला. प्रोजेक्टर अजून चालतो. एकदा लावून पाहावे का?
– एक वाचक, म्हापसा

लावू नका. आंबट वास म्हणजे फिल्मचा पाया कुजू लागला आहे. चित्राचा थर ज्या पारदर्शक पट्टीवर बसवलेला असतो ती सेल्युलोज अ‍ॅसिटेटची असते. उष्णता आणि दमटपणा मिळाला की तिच्यातून अ‍ॅसिटिक आम्ल सुटते, म्हणजे चक्क व्हिनेगर. सुटलेले आम्लच पुढची कूज वाढवते. म्हणून पहिली काही वर्षे काही जाणवत नाही आणि एक टप्पा ओलांडला की पाहता पाहता सगळे हाताबाहेर जाते. पाया आकसतो, वरचा जिलेटिनचा थर तेवढा आकसत नाही, फिल्म कडेने लहरू लागते आणि अखेर थर सुटतो. आकसलेल्या फिल्मची छिद्रे प्रोजेक्टरच्या, फिल्म पुढे ओढणाऱ्या नखाशी जुळत नाहीत. नख छिद्रात बसण्याऐवजी त्याची कड फाडत जाते. त्यात एखादी चौकट (फ्रेम), म्हणजे फिल्मवरचे एक चित्र, दिव्यासमोर अडकली तर ती वितळते. तीन मिनिटांच्या हौसेपायी एकुलती एक प्रत जाते, कारण घरगुती 8 मिमी फिल्मला निगेटिव्ह नसते. कॅमेऱ्यातून गेलेली पट्टीच धुऊन परत यायची.

आधी प्रकार ओळखा. छिद्र मोठे आणि दोन चौकटींच्या मधल्या रेषेवर असेल तर रेग्युलर 8. छिद्र लहान आणि चौकटीच्या मध्याशी असेल तर 1965 मध्ये आलेले सुपर 8. रिळाच्या मधले भोकही सुपर 8 चे मोठे असते.

मग आकसणे मोजा. त्याला यंत्र लागत नाही, स्टीलची पट्टी आणि पांढरा कागद पुरे. सुरुवातीचा लीडर, म्हणजे टोकाची चित्र नसलेली कोरी पट्टी, मोजून उपयोग नाही, तो नंतर जोडलेला असू शकतो. चित्र असलेला तुकडा ओढ न देता सपाट ठेवा आणि पहिल्या छिद्राच्या वरच्या कडेपासून 101व्या छिद्राच्या वरच्या कडेपर्यंत अंतर घ्या. नव्या फिल्मवर हे अंतर रेग्युलर 8 ला 381 मिमी, सुपर 8 ला 423 मिमी आणि 16 मिमीला 762 मिमी भरते. रेग्युलर 8 वर ते 377 भरले तर आकसणे 1 टक्का झाले. 0.8 टक्क्याच्या पुढे गेलेली फिल्म प्रोजेक्टरवर चढवायचीच नाही. 1 टक्क्याच्या पुढे ती फक्त अशा स्कॅनरवर जाते, जिथे दातेरी चाके नसतात आणि फिल्म मऊ रोलरवरून सरकते.

आम्लाचे प्रमाण नाकाने कळत नाही. नाकाला दहा मिनिटांत सवय होते. त्यासाठी ए-डी स्ट्रिप नावाच्या निळ्या कागदी पट्ट्या मिळतात. डब्यात एक पट्टी ठेवून झाकण लावायचे आणि खोलीच्या तापमानाला 24 तासांनी रंग पाहायचा. निळी राहिली तर ठीक. हिरवी झाली तर कूज वेग घेते आहे, ते रीळ सर्वांत आधी स्कॅनला द्या. पिवळी झाली तर फिल्म उलगडण्याच्याही फंदात पडू नका, जाणकाराच्या हाती द्या. रंग पाहून लगेच डब्यावर तारखेसह लिहून ठेवा, पट्टीचा रंग नंतर उघड्यावर बदलतो.

आंबट रिळे आजच्या आज चांगल्या रिळांपासून वेगळी करा, आम्लाची वाफ शेजारच्यांना लागते. गंजका पत्र्याचा डबा टाकून द्या, कारण लोखंडाची गंजभुकटी कुजण्याला हातभार लावते. पण डब्यावर चिकटवलेला कागद, आतली चिठ्ठी, प्रयोगशाळेची पिवळी पिशवी यातले काहीही टाकू नका. त्यांचा फोटो काढा, रिळाला नंबर द्या आणि तोच नंबर चिठ्ठीवर घाला. "मंगेशी, जत्रा, 64" एवढे दोन-तीन शब्द नसले तर पुढे ते रीळ कोणालाही शोधता येत नाही, आणि जे शोधता येत नाही ते कोणी मागतही नाही. घरात ऐंशीच्या पुढचे कोणी असेल तर माणसे ओळखून घेण्याचे काम स्कॅनच्याही आधी करा.

आमच्या गोव्याच्या हवेत फिल्म ठेवायची कशी? कोणी म्हणतात फ्रिजमध्ये, कोणी म्हणतात कपाटात डांबराच्या गोळ्या घालून.
– एक वाचक, मडगाव

डांबराच्या गोळ्या अजिबात नकोत, कापूरही नको. त्यांची वाफ प्लास्टिकात शिरते आणि थंडाव्यात फिल्मवर स्फटिक होऊन बसते. झुरळे टळतात, चित्र बिघडते.

21 अंश आणि 50 टक्के आर्द्रतेला ताज्या अ‍ॅसिटेट फिल्मला व्हिनेगरचा वास लागायला साधारण 40 वर्षे लागतात, असा या विषयातला सर्वमान्य अंदाज आहे. तापमान पाच-सहा अंशांनी उतरवले की ही मुदत दुपटीच्या आसपास जाते, चढवले की तशीच निम्म्यावर येते. आता आपल्याकडचा माळा पाहा. मंगळुरी कौलांखाली एप्रिल-मेमध्ये भट्टी, जून ते सप्टेंबर ओल. घरातली सर्वांत वाईट जागा तीच, आणि नेमकी सगळी रिळे तिथेच. दुसरी वाईट जागा बाहेरच्या भिंतीला टेकलेले कपाट. चिऱ्याची भिंत पावसात पाणी पिते, मागची हवा कोंडते आणि डब्याच्या मागच्या अंगाला बुरशी येते. कपाट आतल्या भिंतीशी, चार बोटे अंतर सोडून आणि जमिनीपासून वर उचललेले असावे.

एक छोटा डिजिटल आर्द्रतामापक विकत घ्या, तो महाग नसतो. आकडा 65 च्या वर दिवसेंदिवस राहत असेल तर बुरशी येणार हे धरून चाला. डीह्युमिडिफायर लावून 50 च्या आसपास आणा. रात्री एसी आणि दिवसभर बंद, हा प्रकार मात्र नको. थंड झालेल्या डब्यावर सकाळची दमट हवा आली की दव धरते. त्यापेक्षा स्थिर 27 अंश बरे. मोठे दालन थंड ठेवण्याच्या भरीस पडण्यापेक्षा एक लहान खोली किंवा एक बंद कपाट कोरडे ठेवणे झेपते. सिलिका जेल वापरायचे तर रंग बदलणारे घ्या आणि ते फिल्मला चिकटून नव्हे, कागदी पाकिटात ठेवा. पावसाळ्यात महिन्याच्या आत ते ओले होते. पुन्हा सुकवले नाही तर त्या पाकिटाचा काही उपयोग नाही.

फ्रिजचा उपाय खरा आहे, पण पद्धत चुकली तर रोगापेक्षा इलाज भयंकर. फ्रॉस्ट-फ्री फ्रिज हवा. फिल्म आधी दोन-तीन दिवस कोरड्या खोलीत ठेवा, म्हणजे तिच्यातली ओल उतरेल. डबा झिपच्या जाड पिशवीत घालून हवा दाबून काढा. ती पिशवी दुसऱ्या पिशवीत घाला आणि दोन पिशव्यांच्या मध्ये आर्द्रता दाखवणारे कार्ड ठेवा. कार्डाचा रंग बदलला तर बाहेरची पिशवी गळते आहे, ती बदला. वीज गेली तरी दोन पिशव्यांमुळे बाष्प आत शिरत नाही. काढताना पिशवी न उघडता 24 तास खोलीत ठेवायची आणि मगच उघडायची. घाई केली तर थंड फिल्मवर पाणी धरते आणि थर एकमेकांना चिकटतात. हा फ्रिज फिल्मसाठी वेगळा ठेवता आला तरच हे करा. दिवसातून वीस वेळा उघडणाऱ्या, बांगडे ठेवलेल्या फ्रिजमध्ये नव्हे.

आंबट झालेली रिळे घट्ट डब्यात कोंडू नयेत, आम्ल आतच साठते. त्यांना हवा खेळणारे पॉलिप्रॉपिलिनचे डबे द्या. थंडाव्यासाठी पिशवीत घालावीच लागली तर आत आम्ल शोषणारी मॉलिक्युलर सीव्हची पाकिटे टाका. रिळे आडवी, एकावर एक फार तर सहा. कॅसेट मात्र उभ्या, फीत पूर्ण गुंडाळलेली.

व्हीएचएस कॅसेटच्या खिडकीतून पांढरे ठिपके दिसतात. व्हीसीआरमध्ये दोनदा चालवली तर साफ होईल, असे दुकानदार म्हणतो.
– एक वाचक, फोंडा

दुकानदाराचा व्हीसीआर असेल तर त्याची मर्जी. बुरशी यंत्राच्या, फीत वाचणाऱ्या हेडवर जाऊन बसते, चित्र जाते आणि त्या यंत्रात पुढे घातलेल्या प्रत्येक कॅसेटला लागण होते. फितीच्या कडा खरवडतात त्या वेगळ्या.

आधी कॅसेट कोरड्या जागी, 50 टक्क्यांखाली, आठ-दहा दिवस ठेवा. ओली बुरशी पुसली की माखते, सुकलेली भुकटी होऊन निघते. मग मास्क आणि हातमोजे घालून, घराबाहेर किंवा खिडकीशी, पंखा बंद करून काम करा. कॅसेटच्या पाठीमागचे पाच स्क्रू काढा, झाकण सरळ वर उचला, आतल्या स्प्रिंगा उडतात. दोन्ही चकत्या काढून दुसऱ्या स्वच्छ कवचात बसवा. चकतीच्या बाजूवरची भुकटी धागा न सोडणाऱ्या कोरड्या कापडाने टिपा, प्रत्येक पुसण्याला कापडाची नवी घडी घ्या. फितीला कोणतेही द्रव नको. नव्या कवचाचा रेकॉर्डचा प्लास्टिकचा दात मोडून टाका, म्हणजे चुकून पुसली जाणार नाही. पहिल्यांदा चालवाल तेव्हाच कॉम्प्युटरवर उतरवून घ्या, कारण दुसरी संधी मिळेलच असे नाही.

फिल्मवरच्या बुरशीला नियम वेगळा. चित्राचा थर जिलेटिनचा असतो, बुरशी तो खाते आणि खाल्लेला भाग पाण्यात विरघळतो. म्हणून ओल्या कापडाने पुसलेल्या फिल्मवरून चेहरे निघून येतात. चकचकीत बाजू, म्हणजे पाया, 99 टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलने हलके पुसता येतो. औषधांच्या दुकानात मिळते ते बहुधा 70 टक्के, उरलेले पाणी असते. ते चालणार नाही.

बंद पडलेल्या थिएटरमधून 35 मिमीची काही रिळे आली आहेत. जुनी फिल्म पेट घेते म्हणतात, खरे का?
– एक वाचक, डिचोली

नायट्रेटची, म्हणजे सेल्युलोज नायट्रेटचा पाया असलेली, घेते. 35 मिमी नायट्रेट फिल्मचे उत्पादन 1951 च्या सुमारास थांबले, त्यामुळे त्यानंतरच्या प्रिंटचे भय नाही. 8 आणि 16 मिमी पहिल्यापासूनच सुरक्षित, म्हणजे अ‍ॅसिटेटच्या, फिल्मवर यायची. कडेला "सेफ्टी" किंवा "नायट्रेट" छापलेले असते, पण प्रत काढताना निगेटिव्हच्या कडेवरची अक्षरेही उतरतात, तेव्हा एवढ्यावर विसंबू नका. जोडीला हे पाहा : नव्वदच्या दशकापासूनच्या प्रिंट पॉलिएस्टरच्या आहेत. रीळ दिव्यासमोर आडवे धरून कडेकडून पाहिले तर पॉलिएस्टर उजेड आरपार सोडते, अ‍ॅसिटेट आणि नायट्रेट अपारदर्शक दिसतात.

पन्नासच्या आधीचे काही असेल, त्याला आंबट नव्हे तर उग्र, नाकात जाणारा वास असेल, चिकट मधाळ डाग किंवा तपकिरी भुकटी दिसत असेल, तर हलवाहलव थांबवा. जळणारे नायट्रेट स्वतःच प्राणवायू पुरवते, पाण्याने ते विझत नाही. पुण्यात 2003 च्या जानेवारीत नायट्रेटच्या साठ्याला लागलेल्या आगीत जुन्या चित्रपटांचा मोठा ठेवा गेला. तुकडा पेटवून पाहण्याची जुनी "चाचणी" कोणी सुचवली तर ऐकू नका. कुरिअर किंवा पोस्टाने पाठवू नका. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला किंवा मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनला फोटोसह लिहा आणि ते सांगतील तसे करा.

स्कॅन करून देणाऱ्याने "एचडी एमपी4, पेन ड्राइव्हवर" असा दर दिला आहे. हे पुरेसे आहे का? काय मागावे?
– एक वाचक, वास्को

घरी टीव्हीवर पाहायला पुरेसे आहे, जपायला नाही. एमपी4 ही पाहण्याची प्रत आहे. ती बनवताना रंगाची निम्म्याहून अधिक माहिती टाकलेली असते. पुढे कोणी निर्मात्याने मागितली तर रंग सुधारायला हात लावताच पट्टे पडतात.

दर मागण्याआधी पहिला प्रश्न हा विचारा : स्कॅनर आहे की पडद्यावर पाडून कॅमेऱ्याने टिपता? दुसरे असेल तर तिथूनच परत या. मग पुढील गोष्टी लेखी मागा. सुपर 8 आणि 16 मिमीला किमान 2के (चित्राच्या रुंदीत सुमारे दोन हजार बिंदू), 35 मिमीला 4के. प्रत्येक चौकटीची एकच चौकट, वेग बदललेला नको. घरगुती फिल्म सेकंदाला 16 किंवा 18 चौकटींची असते. ती व्हिडिओच्या 25 ला बसवताना यंत्र अधूनमधून चौकट दुहेरी करते किंवा दोन चौकटी मिसळते, आणि ही खिचडी नंतर सुटत नाही. चित्राच्या चारही बाजूंना थोडे जास्त, छिद्राची कड दिसेल इतके स्कॅन हवे. वर-खाली कापून 16:9 केलेले नको, कापलेले डोके परत येत नाही. दाणे पुसणारे आणि धार लावणारे फिल्टर बंद. रंग फिका, सपाट दिसला तरी चालेल, उजळ आणि गडद दोन्ही टोकांचा तपशील राहिला पाहिजे. ध्वनिपट्टी असेल तर तिचा आवाज वेगळ्या डब्ल्यूएव्ही फाइलमध्ये.

आकाराचा अंदाज असावा. 50 फुटी सुपर 8 रिळात 3,600 चौकटी असतात, 18 च्या वेगाने 3 मिनिटे 20 सेकंद. डीपीएक्स प्रकारात प्रत्येक चौकटीची वेगळी फाइल असते; 2के डीपीएक्स चौकट साडेबारा एमबीच्या घरात, म्हणजे रीळ 45 जीबी. तेच प्रोरेस 422 एचक्यू या संकलनासाठीच्या, थोड्या दाबलेल्या व्हिडिओ प्रकारात 5 जीबीच्या आसपास. घरगुती संग्रहाला प्रोरेस पुरे, असे आमचे मत. डीपीएक्स घेऊन साठवायला जागा नाही म्हणून एकच प्रत ठेवण्यापेक्षा प्रोरेसच्या तीन प्रती केव्हाही बऱ्या. त्यातली एक परगावी : पुण्याची बहीण, मुंबईचा भाऊ, कोणीही. पेन ड्राइव्ह हे ने-आण करण्याचे साधन आहे. एसएसडीही वीज न लावता वर्षानुवर्षे कपाटात ठेवण्याची वस्तू नव्हे, साधी हार्ड डिस्क बरी. स्कॅन करणाऱ्याकडून प्रत्येक फाइलचा एमडी5, म्हणजे फाइलच्या मजकुरावरून निघणारा ओळखीचा आकडा मागून घ्या. वर्षातून एकदा तोच आकडा पुन्हा काढून ताडला की फाइल जशीच्या तशी आहे का ते कळते.

आणि स्कॅन झाले म्हणून मूळ रीळ टाकू नका. त्याच फिल्ममधून उद्याचा स्कॅनर आजच्याहून जास्त काढील.

आमची 35 मिमी रंगीत प्रिंट सगळी गुलाबी झाली आहे. रंग परत येतो का?
– एक वाचक, पेडणे

जुन्या रंगीत प्रिंटमधला निळसर रंगद्रव्याचा थर सर्वांत आधी उडतो, पिवळा त्याच्या मागोमाग, उरतो गुलाबी. फिल्मवर तो परत आणता येत नाही. स्कॅनमध्ये निळसर थर पुसटसा जरी शिल्लक असेल तरी बरेच सावरता येते, पार गेला असेल तर जे दिसते ते रंगवलेले असते. पुढची हानी फक्त थंडावा रोखतो. घरगुती कोडाक्रोम अंधारात ठेवलेली असेल तर तिचे रंग सहसा ताजे निघतात.

गोवा मुक्तीवर माहितीपट करतो आहे. 1961 ची दृश्ये कुठे मिळतील? एका संस्थेला मेल केली, तीन आठवडे झाले, हालचाल नाही. इफ्फीसाठी पाठवायचा आहे.
– एक तरुण दिग्दर्शक, पणजी

प्रथम उशिराबद्दल. दृश्य म्हणजे सर्व्हरवरची फाइल असा समज असतो. बहुतेक जुना माल अजून डब्यात आहे. मागणी आली की नोंदवहीत शोध, मग डबा थंड कोठारातून काढून मधल्या तापमानाच्या खोलीत एक-दोन दिवस, मग पाहणी-टेबलावर हाताने हळूहळू गुंडाळत तपासणी. सुटलेले जोड पुन्हा करायचे, जुन्या चिकटपट्टीचा सुटलेला डिंक काढायचा, फाटकी छिद्रे दुरुस्त करायची, दोन्ही टोकांना नवा लीडर लावायचा, स्वच्छ करायचे, मग स्कॅन, मग चौकटीगणिक पाहणी. दहा मिनिटांच्या रिळाला यात सहज एक पूर्ण दिवस जातो आणि टेबल एकच असते. इफ्फी नोव्हेंबरात, त्यामुळे जुलै-ऑगस्टात सगळ्यांना एकदमच घाई होते. तुमच्या मेलमध्ये "1961 गोवा फुटेज हवे" एवढेच असेल तर ती बाजूला पडते. तारीख, जागा, काय दिसायला हवे, किती सेकंद, कृष्णधवल चालेल का, कशासाठी, कधीपर्यंत, हे लिहा.

कुठे शोधावे : सरकारी माहितीपट आणि वार्तापट काढणारे फिल्म्स डिव्हिजन 1948 चे, त्यांचा संग्रह आणि पुण्याचे संग्रहालय 2022 मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात (एनएफडीसी) विलीन झाले, तेव्हा भारतीय वार्तापटांसाठी एकच दार. लंडनचा ब्रिटिश पाथे हा वार्तापटांचा संग्रह आणि एपी वृत्तसंस्थेचा संग्रह, त्यांची सूची घरबसल्या पाहता येते. पोर्तुगालच्या बाजूने लिस्बनचे चित्रपट संग्रहालय सिनेमातेका पोर्तुगेझा आणि 1957 मध्ये प्रसारण सुरू केलेली तिथली सरकारी दूरचित्रवाणी आरटीपी. भारतीय दूरचित्रवाणीकडे 1961 चा गोवा मागू नका, तेव्हा प्रसारण दिल्लीपुरते आणि तेही नुकते सुरू झालेले. नावे त्या काळची आणि त्या भाषेतली घाला : पंजिम, पांगिम, नोव्हा गोवा, मोर्मुगाव, पोर्तुगीज इंडिया. नुसते "पणजी" घातले तर अर्धी सूची दडून राहते.

सूचीतल्या वर्णनावर डोळे मिटून विश्वास नको. दमण-दीवची दृश्ये गोवा म्हणून लागलेली असतात, 1955 च्या सत्याग्रहाची 1961 म्हणून. जागा ओळखा. पणजीत मांडवीवर पूल दिसला तर ते दृश्य 1961 चे नाही. पहिला पूल मुक्तीनंतरचा आणि तोही 1986 मध्ये कोसळला. चर्चच्या पायऱ्या, दुकानांच्या पाट्या, गाड्यांचे नंबर ताडा. पाटीवरची अक्षरे उलटी दिसत असतील तर कधीतरी फिल्म उलट बाजूने उतरवली गेली आहे.

कामाचा क्रम असा. संस्था आधी पाहणीप्रत देते, कमी दर्जाची, चित्रावर नाव आणि टाइमकोड, म्हणजे चौकटीगणिक चालणारे घड्याळ, छापलेली. त्यावरच संकलन करा, पण तिचा वेग आणि फाइलचे नाव बदलू नका. अनेकांचे घोडे इथेच पेंड खाते. 24 ची पाहणीप्रत 25 च्या प्रकल्पात पुन्हा एनकोड केली की टाइमकोड सरकतो, संस्था तुमच्या यादीप्रमाणे मूळ प्रत कापून देते आणि दृश्य अर्ध्या सेकंदाने भलतेच निघते. संकलन पक्के झाल्यावर रीळ क्रमांक, आरंभ आणि शेवट अशी यादी द्या, दोन्ही बाजूंना एकेक सेकंद जास्तीचा मागा. चौकटीच्या मूळ वेगाची, 4:3 ची, न कापलेली मूळ प्रत मागा. पडदा रुंद आहे म्हणून आर्काइव्ह दृश्य ताणून भरणे आम्हाला पटत नाही. कडेला काळे राहू द्या.

परवान्याचे पैसे सहसा सेकंदांवर, त्यात किमान मर्यादा असते. चार सेकंद वापरले तरी अर्ध्या-एका मिनिटाचे बिल येऊ शकते, म्हणून एकाच संस्थेकडून घेता येईल तेवढे एकत्र घ्या. माध्यम, प्रदेश आणि मुदत यांवर दर ठरतो. फक्त महोत्सवांचा दर आणि सर्व माध्यमांचा दर दोन्ही आजच लेखी घ्या. महोत्सवात गाजल्यावर ओटीटीचा दर विचारायला गेलात तर सौदा तुमच्या हातात राहत नाही.

भारतात चित्रपटाचा कॉपीराइट प्रकाशनाच्या पुढच्या वर्षारंभापासून 60 वर्षे. 1962 मध्ये प्रकाशित झालेला भारतीय वार्तापट 2022 अखेर मुक्त झाला. पण हक्क संपला म्हणजे डबा फुकट मिळतो असे नाही, स्कॅनचे आणि प्रत देण्याचे पैसे संस्था घेणारच. परदेशी संस्थांशी व्यवहार त्यांच्या करारातल्या अटींवर. वार्तापटाखालचे संगीत आणि निवेदन यांचे हक्क वेगळे असू शकतात. शंका असेल तर मूक दृश्य घ्या.

मंडळाच्या नाट्यमहोत्सवाच्या पन्नासेक मिनीडीव्ही कॅसेट आहेत. कॅमेरा यूएसबीने जोडला तर चित्र फारच खराब येते.
– मंडळाचे कार्यवाह, साखळी

यूएसबीतून बहुतेक कॅमेरे छोटे, वेबकॅमसारखे चित्र देतात. फायरवायरची तार लागते. तिच्यातून फितीवरचे आकडे जसेच्या तसे उतरतात, दर्जा काडीचाही जात नाही. फायरवायर पोर्ट असलेला जुना कॉम्प्युटर मिळवा. तासाच्या कॅसेटची फाइल साधारण 13 जीबी, पन्नास कॅसेटना 650 जीबी धरा. ती फाइल तशीच ठेवा, डीइंटरलेस करायचे, म्हणजे एकाआड एक रेषांत भरलेले चित्र जोडायचे, ते पाहण्याच्या प्रतीत. एलपीमध्ये, म्हणजे तासाच्या फितीवर दीड तास, रेकॉर्ड केलेल्या कॅसेट बहुधा ज्या कॅमेऱ्यात भरल्या त्याच कॅमेऱ्यात नीट चालतात, म्हणून तो कॅमेरा आधी शोधा. चित्रात चौकोन फुटू लागले तर हेडसफाईची कॅसेट दहा सेकंद, एकदाच. नाटकाचे नाव, प्रयोगाची तारीख, सभागृह आणि कलावंत फाइलच्या नावासोबत वहीत उतरवा.

वडिलांनी काढलेली फिल्म एका निर्मात्याला हवी आहे. "फॉर्मवर सही करा, रिळे घेऊन जातो" म्हणतो. काय पाहावे?
– एक वाचक, काणकोण

रिळे देऊ नका, स्कॅन द्या. मूळ नेणे अटळच असेल तर पावती घ्या : रीळ क्रमांक, प्रकार, लांबी, आजची अवस्था, नेण्याची आणि परतीची तारीख. स्कॅनचा खर्च निर्मात्याचा आणि पूर्ण दर्जाच्या स्कॅनची एक प्रत तुमची, हे पहिल्याच ओळीत लिहून घ्या. पैशांपेक्षा हीच बाब जास्त मोलाची.

फॉर्ममध्ये "हक्क हस्तांतरित" आहे की "वापराची परवानगी" आहे ते नीट वाचा. तुम्हाला द्यायची आहे ती परवानगी, तीही एकट्याला नव्हे. अमुक प्रकल्प, अमुक सेकंद, अमुक वर्षे, अमुक माध्यमे. कायद्याने हस्तांतर लेखी आणि सहीनिशीच लागते. त्यात मुदत लिहिलेली नसेल तर ती 5 वर्षे धरली जाते, प्रदेश लिहिलेला नसेल तर फक्त भारत. पण "कायमस्वरूपी, जगभर" असे छापील असेल तर हा आधार उरत नाही. ते शब्द खोडून दोघांनी बाजूला सह्या करा. वडील हयात नसतील तर हक्क सर्व वारसांचा. गोव्याच्या कुटुंब कायद्यात नवरा-बायकोची मालमत्ता सामाईक धरली जाते, तेव्हा भावंडांसोबत त्यांच्या जोडीदारांच्या सह्या लागतात का, ते नोटरीला आधी विचारा. श्रेयनामावलीत कोणाचे नाव, कोणत्या शब्दांत, हेही करारातच असू द्या.

रिळे मुंबईला न्यायची झाली तर हातातल्या बॅगेत न्या. विमानतळाच्या एक्स-रेने धुतलेल्या फिल्मला काही होत नाही. न धुतलेले रीळ सापडले असेल तर मात्र ते हाताने तपासायला सांगा. आणि वाटेत कुठेही गाडीच्या डिकीत उन्हात ठेवू नका.